अंगणात खोललेले पाटे

“हल्लीच्या गाड्या फार गुंतागुंतीच्या झाल्या, घरी काही करताच येत नाही,” असं माझ्या वयाचा जो तो म्हणतो. उभी नोकरी आयटीआयमध्ये मोटार मेकॅनिकच्या पोरांना शिकवण्यात गेली, त्यामुळे मला हे काही पटत नाही. निदान मागच्या सस्पेन्शनपुरतं तर मुळीच नाही. आजच्या स्विफ्टची मागची कॉइल स्प्रिंग बदलणं हे जुन्या फियाटचा पाटा, म्हणजे लीफ स्प्रिंग, बदलण्यापेक्षा सोपं काम आहे. घरची दुरुस्ती बंद पडली ती वेगळ्याच कारणांनी. ती कारणं समजायची तर ही दुरुस्ती सुरू कशी झाली, इथपासून बघावं लागतं.

पाटा आपल्याकडे मोटारीच्या आधी आला. ओबाडाया एलियट नावाच्या लंडनच्या बग्गी बनवणाऱ्याने १८०४ साली लंबगोल पाट्यांचं पेटंट घेतलं. पुढे मुंबईच्या रस्त्यांवर ज्या व्हिक्टोरिया घोडागाड्या धावल्या, त्यांच्याखाली पाटेच होते. त्यामुळे मोटार आली तेव्हा कार्बुरेटर नि डायनॅमो बघून आपला कारागीर बावरला असेल, पण पाटा त्याला ओळखीचा होता. पोलाद, घण आणि भट्टी यांच्या पलीकडचं त्यात काही नव्हतं.

आता फियाट जिथे बनली ते मुंबईतलं कुर्ला. सोलापूरच्या वालचंद हिराचंदांनी १९४४ साली प्रीमियर ऑटोमोबाइल्स काढली. सुरुवात क्रायस्लरच्या डॉज, प्लिमथसारख्या गाड्यांची जुळणी करण्यापासून झाली. त्या काळी मुंबईत जुळणीचे कारखाने आणखीही होते. जनरल मोटर्स तर १९२८ पासून शिवडीत होती. १९५३ साली टॅरिफ कमिशनच्या शिफारशीवरून सरकारने धोरण ठरवलं की सुटे भाग इथे बनवण्याचा ज्यांचा आराखडा नाही, त्यांनी नुसती जुळणी करत बसू नये. परदेशी कंपन्यांनी गाशा गुंडाळला. कुर्ल्याहून १९५४ पासून फियाट ११०० बाहेर पडू लागली, जिला अख्ख्या महाराष्ट्राने ‘डुक्कर फियाट’ म्हटलं. मग १९६४ ची डिलाइट, सत्तरच्या दशकात प्रेसिडेंट, आणि पुढे पद्मिनी. नावं बदलली, पुढचे दिवे बदलले. मागे मात्र शेवटपर्यंत तेच: अ‍ॅक्सलचं आडवं हाऊसिंग, दोन बाजूंना दोन पाटे, दोन शॉकअप. तिकडे उत्तरपाड्याच्या अँबेसिडरखालीही पाटेच.

तेव्हा नवी फियाट हवी असेल तर पैसे भरून वर्षानुवर्षं नंबराची वाट बघायची. घरात गाडी आली की ती वीस-पंचवीस वर्षं चालवायची हे ठरलेलंच. एवढ्या वर्षांत इंजिन एखाद-दुसऱ्यांदा उघडावं लागे, पण पाट्याचं काम सतत निघायचं. आमच्या कोल्हापूरहून रत्नागिरीला आंबा घाटाने जा नाहीतर गगनबावड्यावरून खाली उतरा, पावसाळ्यानंतर रस्त्याची जी कळा असायची ती पाट्यांनाच सोसावी लागायची. सुटे भाग आणायचे तर पुण्यात नाना पेठ, मुंबईत ऑपेरा हाउस, किंवा कुर्ल्याचा सीएसटी रोड. म्हणजे काय बिघडलंय हे नक्की ठाऊक असल्याशिवाय एसटीचं तिकीट काढण्यात अर्थ नव्हता. बिघाडाचं निदान घरी करायची सवय लागली ती या तिकिटाच्या पैशांमुळे, हौसेपोटी नव्हे.

आमच्या शेजारी एका डॉक्टरांची फियाट होती. कोल्हापुरात तेव्हा फियाट बहुतेक डॉक्टरांकडे नाहीतर वकिलांकडे. आठवड्याची सुट्टी मिळाली की गाडी अंगणात यायची, उद्यमनगरातला एक मिस्त्री सायकलवरून हजर व्हायचा, आणि मी शर्ट काढून बनियनवर. “मास्तर, शॉकअप गेल्यात म्हणत्यात डॉक्टर,” मिस्त्री म्हणायचा. “गेलं असतील. पर आदी मोजू या की.”

हे ‘आदी मोजू या’ म्हणजे त्या सगळ्या पद्धतीचा कणा. सपाट फरशी हवी, चारही चाकांत सारखी हवा हवी. मग मागच्या चाकाच्या मधोमधून वर मडगार्डच्या कडेपर्यंत टेप लावायची. दोन्ही बाजू मोजायच्या. आपल्याकडे ड्रायव्हर उजवीकडे बसतो आणि पुष्कळदा एकटाच असतो, त्यामुळे उजवा पाटा आधी बसतो. थोडा फरक असेल तर सोडून द्यायचा. बोटभर फरक दिसला तर शॉकअपचं नाव काढायचं नाही, कारण या गाड्यांत वजन पाटा धरतो. शॉकअपचं काम उसळी शमवायचं असतं. डिकीवर दोन्ही हातांनी जोर द्यायचा आणि सोडायचा. गाडी वर येऊन एकदा खाली गेली आणि थांबली तर शॉकअप ठीक. डोलत राहिली तर गेला. इतकी साधी गोष्ट, पण आजही गाडी एका बाजूला कलली म्हणून नवे शॉकअप घालून घेणारे लोक मला भेटतात आणि गाडी कललेलीच राहते.

दुसरी चाचणी ओळंब्याची. गाडी सरळ रस्त्यावर तिरकी चालल्यासारखी वाटते, मागून बघणारा सांगतो की मागची चाकं पुढच्या चाकांच्या ओळीत नाहीत. तेव्हा गवंड्याचा ओळंबा आणायचा. चारही चाकांच्या मध्यातून ओळंबा सोडून फरशीवर खडूने फुल्या मारायच्या. मग पुढची फुली ते मागची फुली, हे अंतर दोन्ही बाजूंना मोजायचं. एका बाजूला जास्त भरलं तर हाऊसिंग जागेवरून सरकलंय. पाट्यांच्या मधोमध जो सेंटर बोल्ट असतो, त्याचं डोकं हाऊसिंगच्या बैठकीतल्या भोकात बसतं आणि हाऊसिंगला जागेवर धरतं. तो तुटलेला असणार, आणि तो तुटतो तो पाट्यांचा गठ्ठा हाऊसिंगला आवळणारे यू-बोल्ट सैल पडल्यामुळे. नुसता सेंटर बोल्ट बदलून यू-बोल्ट जुनेच ठेवले तर थोड्याच दिवसांत तोच खेळ पुन्हा.

आवाजाचं निदान कानाने. क्लच सोडताना, गाडी जागची हलताना ‘कट्ट’ वाजलं तर आधी प्रोपेलर शाफ्टचा क्रॉस बघायचा. खड्ड्यात मागून खडखडलं तर शॅकलचे, म्हणजे पाटा टांगणाऱ्या कडीचे, बुश. पाटा करकरत असेल, बैलगाडीसारखा, तर पाट्यांच्या मध्ये गंज शिरलाय. पाटे एकमेकांवर घासत सरकतात, त्या घासण्यानेही थोडी उसळी मरते. पण गंजाने ते जाम झाले की अख्खा गठ्ठा एकाच जाड पट्टीसारखा वागतो आणि खड्ड्याचा दणका थेट पाठीच्या कण्याला.

आणि चीर. हा माझा आवडता भाग. मेन पाटा म्हणजे ज्याच्या टोकाला बुशचे डोळे असतात तो. तो तुटतो डोळ्यापाशी नाहीतर सेंटर बोल्टच्या भोकापाशी. चीर केसाएवढी बारीक असते आणि चिखलाखाली दिसत नाही. तारेच्या ब्रशने जागा साफ करायची, रॉकेलचा फडका फिरवायचा, थोडा वेळ थांबून कोरड्या कापडाने लख्ख पुसायचं. मग खडूची पूड चोळायची. वरून हातोड्याचे हलके ठोके. चीर असेल तर आत मुरलेलं रॉकेल झिरपून वर येतं आणि पांढऱ्या खडूवर एक काळपट ओली रेघ उमटते. रेल्वेच्या वर्कशॉपांतून तेल आणि खडूची ही रीत पूर्वीपासून होती. वर्गात ही रेघ उमटली की मागच्या बाकावरची पोरंसुद्धा पुढे यायची. हजार रुपयांचं यंत्र जे दाखवेल ते चार आण्यांच्या रॉकेलने दिसायचं.

दुरुस्तीत खरी अक्कल होती ती आवळण्याच्या क्रमात. पुढच्या चाकांना दगडांची उटी लावायची, गाडी मागून जॅकवर उचलायची आणि बॉडीखाली लाकडी ठोकळे द्यायचे. विटा नाहीत, वीट कधी फुटेल सांगता येत नाही. दुसरा जॅक हाऊसिंगखाली. यू-बोल्टच्या गंजलेल्या नटांवर रात्रीच डिझेल सोडून ठेवलेलं असायचं. गठ्ठा बाहेर आला की सेंटर बोल्टला हात लावण्याआधी तो व्हाइसमध्ये किंवा सी-क्लँपमध्ये पक्का धरायचा, कारण प्रत्येक पाट्याची कमान वेगळी असते, आणि बोल्ट सुटला की ताणून बसवलेले पाटे ताडकन उलगडतात. बोटं गेलेली मी पाहिली आहेत. बुश बसवायला प्रेस कुणाकडे असायचा? लांब बोल्ट, दोन जाड वॉशर आणि पाइपचा तुकडा, झाला प्रेस. सगळं बसल्यावर शॅकलचे आणि पुढच्या डोळ्याचे बोल्ट नुसते अडकवून ठेवायचे, आणि गाडी चाकांवर उभी केल्यावरच आवळायचे. रबरी बुश फिरत नाही, पिळला जातो. गाडी लटकलेली असताना आवळला तर तो कायम पिळलेलाच राहतो आणि लवकर फाटतो. डॉक्टरांना हे समजावून सांगावं लागलं नाही, हाड बसवताना तेही असंच काही करत असणार.

जुगाडही पुष्कळ होते आणि त्यांचं कौतुक मला नाही. तुटलेल्या पाट्याला वेल्डिंग मारायचे लोक. त्या उष्णतेने पोलादाचं पाणी उतरतं आणि पाटा जोडाच्या शेजारी पुन्हा तुटतो, बहुतेक वेळा घाटात. बसलेल्या पाट्याला ठोकून कमान देणारे रस्त्याकडेला असायचे. गार पाट्यावर घण मारून गाडी दोन दिवसांत वर यायची आणि काही महिन्यांत पुन्हा खाली. सर्वांत घातक म्हणजे भलत्याच गाडीचा पाटा मध्ये घालणं. पाट्याचा कडकपणा जाडीच्या घनात वाढतो. सहा मिलिमीटरच्या जागी सात मिलिमीटरचा पाटा घातला की तो दीडपटीहून जास्त कडक. पोराला हे गणित फळ्यावर मांडून दाखवलं की त्याचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा.

मुंबईत जादा पाट्याचा हा प्रश्न टॅक्सीवाल्यांच्या वाट्याला आला. काळी-पिवळी पद्मिनी सीएनजीवर गेली, डिकीत सिलिंडर आला, वर कॅरिअरवर गाडी गाठायला निघालेल्या चाकरमान्याचं सामान. पाटे बसणारच. जादा पाटा घालून घेतलेल्या टॅक्सीत मागे बसलेल्या माणसाला वरळी ते दादर प्रत्येक गटाराचं झाकण मोजता यायचं.

१९८३ च्या डिसेंबरात मारुती ८०० आली आणि हळूहळू खाजगी गाड्यांतून पाटा हटला. १९९८ च्या इंडिकात मागे कॉइल, २००५ च्या स्विफ्टमध्ये टॉर्शन बीमवर कॉइल. लोक घाबरले ते कॉइलला. पुढच्या स्ट्रटवरची कॉइल दाबून धरलेली असते आणि ती स्प्रिंग-कॉम्प्रेसरशिवाय उघडणं म्हणजे जिवाशी खेळ, हे अगदी खरं. पण स्विफ्टच्या मागे स्प्रिंग आणि शॉकअप वेगवेगळे आहेत. बॉडी ठोकळ्यांवर, बीमखाली जॅक, दोन्ही शॉकअपचे खालचे बोल्ट काढायचे, ब्रेकच्या होजवर ताण येत नाही ना ते बघत जॅक हळूहळू उतरवायचा. स्प्रिंग हाताने उचलून बाहेर. यू-बोल्ट नाहीत, गंजलेला गठ्ठा नाही, क्लँप नाही. बीमचे बुश तेवढे प्रेसवाल्याकडे न्यावे लागतात.

मग कुणी का करत नाही? कारण अंगण गेलं. सोसायटीच्या पार्किंगमध्ये गाडी ठोकळ्यांवर चढवली की सेक्रेटरी दुसऱ्या दिवशी नोटीस लावतो, फरशीवर तेलाचा थेंब पडला की बैठक भरते. सायकलवरून येणारा मिस्त्री आता स्वतःचं गॅरेज टाकून बसलाय आणि त्याला घरी यायला परवडत नाही. आणि मुख्य म्हणजे गाड्या पूर्वीइतक्या मोडत नाहीत. ही चांगलीच गोष्ट आहे. ज्याने पावसात गाडीखाली आडवं पडून यू-बोल्ट काढलाय तो त्या दिवसांसाठी उसासे टाकणार नाही. टंचाई होती म्हणून आम्ही शिकलो, एवढंच.

शेवटची पद्मिनी टॅक्सी २९ ऑक्टोबर २००३ रोजी ताडदेव आरटीओत नोंदवली गेली होती. वीस वर्षांच्या वयोमर्यादेमुळे ३० ऑक्टोबर २०२३ पासून ती मुंबईच्या रस्त्यावरून उतरली. पाटा मात्र संपलेला नाही. बोलेरोच्या मागे आहे, टाटा एसखाली आहे, एसटीच्या लाल गाडीखाली आहे. आणि मोडीत निघालेल्या ट्रकच्या पाट्याचा कोयता गावोगावचे लोहार अजून करतात. ऊसतोडीच्या हंगामात त्याची धार बघा.

गाडी मागून बसली, कलली किंवा वाजू लागली तर गॅरेजला जाण्याआधी घरीच दोन्ही बाजूंची उंची टेपने मोजा, डिकी दाबून बघा, आणि आकडे कागदावर लिहून घेऊन जा. काही बदललंच तर जोडीने बदलून घ्या, जुना भाग परत मागून घ्या आणि काम झाल्यावर पुन्हा मोजा. ठोकळे दिल्याशिवाय मात्र नुसत्या जॅकच्या भरवशावर गाडीखाली कुणीही जाऊ नये.