गोरेपणाचा दाखला

अमेरिकेच्या १७९० सालच्या कायद्यानें परदेशांतून आलेल्यांपैकीं केवळ ‘स्वतंत्र गोऱ्या’ माणसांस नागरिक होण्याची मुभा दिली. १८७० पासून ती आफ्रिकी वंशीयांसही मिळाली. गोरा म्हणजे कोण, हें मात्र कायद्यानें सांगितलें नाहीं.

पेशावरचे वैष्णोदास बगाई इंग्रजी राज्य नकोसें होऊन १९१५ सालीं पत्नी कला व तीन मुलगे यांसह सॅन फ्रॅन्सिस्कोस उतरले. त्यांनीं दुकान थाटलें. बर्कली येथें घर घेतलें, तर शेजाऱ्यांनीं त्यांना आंत पाऊल टाकूं दिलें नाहीं. तरी १९२१ सालीं ते नागरिक झाले, म्हणजे कायद्यानें गोरे ठरले! दोनच वर्षांनीं भगतसिंग थिंद यांच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें शेजाऱ्यांचाच निकाल उचलून धरला: हिंदी मनुष्य शास्त्रदृष्ट्या ‘कॉकेशियन’ असेल, पण सामान्य माणसाच्या समजुतीनें तो गोरा नव्हे.

थिंद यांचे वकील सखाराम गणेश पंडित. त्यांचें १९१४ पासूनचें नागरिकत्वही सरकार काढूं पाहत होतें. तें १९२६ सालीं टिकलें, पण गोरे म्हणून नव्हे. एकदां निकालांत निघालेला प्रश्न पुन्हां उकरतां येत नाहीं, म्हणून.

बगाईंचें नागरिकत्व गेलें, मालमत्ता विकावी लागली. हिंदुस्थानांत जाऊं म्हटलें, तर ज्या राज्याला विटून ते आले त्याचाच पासपोर्ट घ्या, असें उत्तर मिळालें. १९२८ सालीं त्यांनीं आत्महत्या केली.

कलाबाईंनीं मुलांना कॉलेजांत शिकविलें. १९४६ च्या कायद्यानें हिंदी लोकांस दार उघडलें, तेव्हां पुढें त्याही नागरिक झाल्या. त्याच बर्कलींत २०२० सालीं एका रस्त्याला त्यांचें नांव देण्याचें ठरलें.