‘हिंदी एडिसन’ शंकर आबाजी भिसे

जळगाव-धुळ्याकडील जुन्या घरांतून दिवेलागण म्हणजे एक लहानसा विधीच असे. कंदिलाची काच राखेने पुसावयाची, वात कातरावयाची, घासलेट बेताने भरावयाचे, देवापुढे समई लावावयाची आणि मग मुलांनी हात जोडून वडिलांस नमस्कार करावयाचा. पुढे विजेचा दिवा आला आणि हे सारे एका खटक्यात आटोपले. पण हा खटका जगाला किती महाग पडला, त्यापायी किती माणसांच्या रात्री गेल्या, ह्याचा विचार दिवा लावताना कोण करतो?

१८७९ साली अमेरिकेत टॉमस एडिसन ह्याने काचेच्या निर्वात फुग्यात सुताचा जाळून कोळसा केलेला धागा बसवला आणि तो तासन्‌तास उजळत ठेवला. कापसाचे सूत ही काही खानदेशास नवलाची वस्तू नव्हे. परंतु तो धागा नाजूक आणि अल्पायुषी होता. त्याच्या जागी पुढे बांबूचा धागा आला. १९१० च्या सुमारास विल्यम कूलिज ह्याने टंगस्टन नामक धातूची बारीक तार काढण्याची युक्ती साधली. ही धातू वितळण्यास सुमारे ३,४०० अंश उष्णता लागते. म्हणून दिव्यास ती उत्तम, पण ठिसूळ इतकी की वाकवू जाता मोडावी. तापवून, ठोकून आणि हिऱ्याच्या छिद्रांतून ओढून कूलिजने तिला वळण लावले. १९१३ साली अर्विंग लँगम्यूर ह्याने फुग्यात नायट्रोजन वायू भरून तारेची झीज कमी केली आणि दिव्याचा प्रकाश वाढवला. घरोघरचा विजेचा दिवा अशा रीतीने सुधारत गेला.

ह्याच काळात एक मराठी गृहस्थही शोधकतेच्या ह्याच वाटेने चालला होता. त्याचे नाव शंकर आबाजी भिसे. त्यास ‘हिंदी एडिसन’ म्हणत. एडिसनचे नाव शाळेतील पोरासही ठाऊक आहे. भिश्यांचे नाव मात्र सुशिक्षितांच्या घरातही क्वचितच निघते. हा भेद केवळ बुद्धीचा होता की आणखी कशाचा, हे त्यांच्या चरित्रावरून पाहण्यासारखे आहे.

भिसे ह्यांचा जन्म २९ एप्रिल १८६७ रोजी मुंबईस झाला. त्यांच्या जन्मापूर्वी दोनच वर्षे, १८६५ साली, मुंबईच्या रस्त्यांवर वायूचे दिवे लागले होते. हा वायू दगडी कोळशापासून काढीत. कोळसा बंद भांड्यात, वारा लागू न देता, तापवला म्हणजे तो जळत नाही. त्यातून वायू सुटतो. हा वायू पाण्यातून नेला की डांबर खाली राहते आणि नळीच्या टोकाशी काडी लावताच पिवळी ज्योत उभी राहते. वयाच्या चौदाव्या वर्षी भिसे ह्यांनी ही सारी क्रिया करणारे एक लहान यंत्र आपल्या घरीच तयार केले. एडिसनच्या दिव्यास तेव्हा उणीपुरी दोन वर्षे झाली होती. जो मुलगा इतरांच्या घरी कंदिलाच्या काचा पुसण्याच्या वयाचा, तो आपल्या घरी कोळशातून उजेड काढीत होता.

ह्या विद्येचा गुरू कोण? विद्यापीठाची शास्त्रीय पदवी त्यांस नव्हती, प्रयोगशाळा नव्हती, शिकवणारा कोणी नव्हता. एक अमेरिकन शास्त्रीय नियतकालिक त्यांच्या हाती पडे आणि यंत्रशास्त्राचे आपले बहुतेक ज्ञान त्यातूनच मिळाले, असे त्यांनी पुढे स्वतः सांगितले. एकलव्यापुढे निदान द्रोणाचार्यांची मूर्ती तरी होती. ह्यांच्यापुढे छापील पाने होती.

तरुणपणी मुंबईत त्यांनी मित्रांस जमवून एक शास्त्रमंडळ चालवले. १८९० नंतरची काही वर्षे त्यांचे मन दृष्टिभ्रमाच्या प्रयोगांत रमले. प्रकाश आणि आरसे ह्यांच्या योगाने एका वस्तूची पाहतापाहता दुसरी होताना दाखवावी, असे हे प्रयोग असत. इंग्लंडात मँचेस्टर येथेही ते त्यांनी करून दाखवले आणि तेथील लोक थक्क झाले. परंतु भिसे केवळ जादूगार नव्हते. बाटलीतील मालात कोणी भेसळ केल्यास ती उघडकीस यावी असे झाकण, सायकलीस लावण्याची विजेची साधने, आगगाडीतील उतारूंस पुढील स्थानक कोणते ते दाखवणारे यंत्र, अशा व्यवहारातील अडचणींकडे त्यांचे लक्ष असे. ज्याने रात्रीच्या गाडीने भुसावळहून प्रवास केला असेल आणि बाहेरच्या काळोखात जळगाव गेले की पाचोरा, हे शेजाऱ्यास विचारण्याचा ज्यास प्रसंग आला असेल, त्यास ह्या शेवटच्या यंत्राचे महत्त्व सांगावयास नको.

त्यांच्या कीर्तीस खरा आरंभ झाला तो वाण्याच्या दुकानातील एका साध्या अडचणीवरून. साखर, पीठ असला राशीचा माल आपोआप तोलून देणारे यंत्र कोणी काढावे, अशी स्पर्धा लंडनमधील एका शोधकांच्या पत्राने १८९७ च्या सुमारास जाहीर केली. भिश्यांना म्हणे पहाटे चारच्या सुमारास त्याची युक्ती सुचली आणि त्यांनी ती तशीच कागदावर उतरवली. इंग्रज स्पर्धकांस मागे टाकून बक्षीस मुंबईच्या ह्या तरुणाने मिळवले. तागडी हाती घेऊन आलेल्यांच्या देशात एका हिंदी माणसाने तागडीचीच सुधारणा करून दाखवावी, ह्यात एक निराळाच न्याय होता.

ह्यानंतर ते लंडनला गेले. काँग्रेसचे चिटणीस दिनशा वाच्छा ह्यांचे परिचयपत्र त्यांच्या खिशात होते आणि ते होते दादाभाई नौरोजी ह्यांच्या नावे. दादाभाई त्या वेळी सत्तरी ओलांडलेले होते. १८९२ ते १८९५ पर्यंत ते पार्लमेंटचे सभासद होते, आणि हिंदुस्थानची संपत्ती परदेशी कशी वाहून जाते, हे आकड्यांनिशी सिद्ध करण्यात त्यांचे आयुष्य चालले होते. अशा पुरुषाने एका शोधकाच्या यंत्रांत स्वतःचा पैसा का घालावा? उत्तर सरळ आहे. जो देश कच्चा माल देतो आणि पक्का माल विकत घेतो, त्याचे दारिद्र्य नुसत्या भाषणांनी फिटत नाही. त्यास स्वतःचे कारखानदार हवेत आणि कारखानदारांच्या आधी शोधक हवेत. दादाभाईंच्या दृष्टीने भिश्यांस दिलेला प्रत्येक पौंड हा राष्ट्रकार्यातच पडत होता.

ह्या आश्रयाखाली भिश्यांची बुद्धी चौफेर धावू लागली. त्यांनी विजेच्या प्रकाशाने जाहिराती दाखवणारा एक फलक केला. लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये तो लोकांनी पाहिला आणि लंडनच्या व वेल्सच्या काही दुकानांवर तो लागलाही. विजेचा दिवा घरात उजेड पाडतो, एवढेच तोपर्यंत बहुतेकांना ठाऊक. तोच दिवा रस्त्यावरील माणसाशी बोलू शकतो, हे दाखवणाऱ्यांत एक मराठी माणूस होता. ह्याशिवाय स्वयंपाकघरातील उपकरणे, टेलिफोन, डोकेदुखीवरील एक साधन, आपोआप पाणी सोडणारे शौचकूप, असे कितीतरी शोध त्यांच्या नावावर आहेत. त्यांतील काही चालले, काही पेटंटाच्या कागदावरच राहिले. शोधकाचा प्रपंच असाच असतो. दहा बिया पेराव्या तेव्हा दोन उगवतात.

परंतु ज्या यंत्रासाठी त्यांनी आयुष्य वेचले ते यंत्र छापखान्याचे होते. छापखान्यात अक्षरे शिशाच्या खिळ्यांनी जुळवीत. खिळा पाडावयाचा म्हणजे अक्षराच्या मातृकेत वितळलेला रस ओतून तो थंड होऊ द्यावयाचा. त्या वेळची यंत्रे मिनिटाला शेदीडशे खिळे पाडीत. भिश्यांनी एकाच वेळी पुष्कळ खिळे पाडणारे यंत्र योजले आणि मिनिटाला हजाराहून अधिक खिळे पाडण्याची उमेद धरली. लंडनमधील धंद्यातील जाणत्यांनी हे अशक्य म्हटले. भिश्यांनी यंत्र बांधूनच उत्तर दिले. त्यास ‘भिसोटाइप’ हे नाव पडले.

ह्या यंत्राचे मोल मराठी वाचकांस अधिक कळावे. इंग्रजीस सव्वीस अक्षरे. बालबोधीस काने, मात्रा, वेलांट्या, रफार आणि जोडाक्षरे धरून शेकडो निरनिराळे खिळे लागत. जावजी दादाजी ह्यांनी १८६९ साली निर्णयसागर छापखाना काढला, तो सुबक खिळ्यांपायी किती कष्ट घेऊन नावारूपास आणला, हे प्रसिद्धच आहे. स्वस्त खिळा म्हणजे स्वस्त पुस्तक आणि स्वस्त पुस्तक म्हणजे खेड्यापाड्यांतील शाळेच्या पोराच्या हाती विद्या. भिसोटाइपच्या पाठीमागे एवढी मोठी गोष्ट उभी होती.

पण यंत्रास द्रव्य लागते. दादाभाईंची ऐपत संपत आली. त्यांनी इंग्लंडातील समाजवादी पुढारी हेन्री हाइंडमन ह्यांस मध्ये घातले. हाइंडमन ह्यांनी पंधरा हजार पौंड उभे करण्याचे आश्वासन दिले, पण ती रक्कम काही उभी राहिली नाही. १९०८ च्या डिसेंबरात भिसे हताश होऊन स्वदेशी निघाले. दैवयोग असा की, गोपाळ कृष्ण गोखलेही त्याच बोटीवर होते. डेकवरील त्या ओळखीचे फळ म्हणजे गोखल्यांचा रतन टाटा ह्यांच्याकडे शब्द. हे जमशेटजींचे धाकटे चिरंजीव. दक्षिण आफ्रिकेतील गांधींच्या लढ्यास १९०९ साली पंचवीस हजार रुपये देणारे ते हेच. १९१० च्या सुमारास ‘टाटा-भिसे इन्व्हेन्शन्स सिंडिकेट’ लंडनमध्ये उभे राहिले. त्याच सुमारास तिकडे कूलिजची टंगस्टनची तार निघाली होती.

ह्या योगायोगापाशी क्षणभर थांबले पाहिजे. कूलिज ज्या प्रयोगशाळेत काम करीत होता, ती एका बलाढ्य वीज कंपनीची होती. एक तार मोडली की दुसरी, दुसरी मोडली की तिसरी. पगार चालू, मदतनीस हाताशी, आणि तार साधली की तिचे दिवे करणारा कारखानाही त्याच कंपनीचा. खुद्द एडिसनच्या पाठीशी त्याचा दिवा पेटण्यापूर्वीच, १८७८ साली, धनिकांची कंपनी उभी होती. तेथे भांडवल आधी आणि दिवा मागाहून. भिश्यांचे उलट होते. यंत्र आधी आणि मग त्याच्या आश्रयासाठी दारोदार फिरणे. त्यांचा आधार म्हणजे एकेक मोठे मन, संस्था नव्हे. आणि माणूस कितीही मोठा असला, तरी संकट आले म्हणजे एकट्या माणसाचा आधार किती पुरणार?

ते संकट १९१४ च्या महायुद्धाच्या रूपाने आले. युद्धात नव्या छापयंत्राची कोणास गरज? सिंडिकेट बंद पडले. १९१६ साली भिसे अमेरिकेस गेले. त्यांचे आश्रयदाते १९१८ साली वारले. पन्नाशीच्या उंबरठ्यावर, परक्या न्यूयॉर्क शहरात, भिश्यांनी पुन्हा श्रीगणेशा केला. १९२० च्या सुमारास तेथे त्यांच्या नावाची एक कंपनी निघाली आणि खिळे पाडण्याचे सुधारलेले यंत्र बाहेर पडले. आयोडीनपासून त्यांनी एक औषध काढले, ते पुढे ‘ॲटोमिडीन’ ह्या नावाने अमेरिकेत खपू लागले. उतारवयात त्यांचे मन अध्यात्माकडेही वळले. सर्व धर्मांचा मेळ घालण्याच्या विचारात ते रंगून गेले.

१९३० च्या डिसेंबरात भिसे एडिसनच्या भेटीस गेले. एडिसन तेव्हा त्र्याऐंशी वर्षांचा होता आणि त्यास पुढे दहा महिन्यांचेच आयुष्य होते. ज्याचे नाव आपणास उपपद म्हणून लागले, त्याच्यासमोर बसताना ह्या त्रेसष्ट वर्षांच्या मराठी शोधकाच्या मनात घरातील ती कोळशाच्या वायूची पहिली ज्योत तरळून गेली असेल काय? ७ एप्रिल १९३५ रोजी न्यूयॉर्क येथे त्यांचा अंत झाला. दोनशेच्या आसपास शोध आणि चाळीसेक पेटंटे त्यांच्या नावावर सांगतात.

आता शिशाचे खिळे छापखान्यांतून गेले आणि तारेचे दिवेही घरांतून जवळजवळ नाहीसे झाले. कूलिजची तार आणि भिश्यांचे यंत्र, दोन्ही कालाने सारख्याच निर्विकारपणे बाजूस सारली. तरी एकाचे नाव ग्रंथांत राहिले आणि दुसऱ्याचे पुसट झाले. ह्याचे दुःख करीत बसण्यात अर्थ नाही. त्यापासून बोध मात्र घेण्यासारखा आहे. वात कितीही चांगली असली, तरी समईत तेल घालणारा हात घरात असावा लागतो. आज खानदेशातील एखाद्या घरी एखादा मुलगा किंवा मुलगी जुन्या तारा, बॅटऱ्या आणि खोक्यांचा पसारा मांडून बसली असेल, तर वडीलधाऱ्यांनी तो पसारा आवरण्याची घाई करू नये. ते मूल काय करू पाहते, एवढे तरी आधी विचारावे.