कोनिग्सबर्गचे बंगले

मंडळी, आपण बडोदेकर पाडलेल्या वाड्यांबद्दल हळहळतो, म्हणून आज एका लांबच्या शहराची गोष्ट. तत्त्वज्ञ कांटचं कोनिग्सबर्ग म्हणजे आजचं रशियातलं कालिनिनग्राड. ऑगस्ट १९४४ मध्ये ब्रिटिश विमानांनी दोन रात्री बॉम्ब टाकले आणि जुनं शहर जळून गेलं. ९ एप्रिल १९४५ ला उरलंसुरलं सोव्हिएत फौजेच्या हाती पडलं.

पश्चिमेचा अमालिएनाऊ भाग मात्र बराचसा वाचला. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला फ्रीडरिश हाइटमान या वास्तुविशारदाने आखलेली ही बंगल्यांची वसाहत. उतरती कौलं, पुढे बाग.

१९४६ मध्ये शहराचं नाव बदललं. पुढच्या दोनेक वर्षांत जर्मनांना घालवून दिलं आणि सोव्हिएत संघातून आलेली कुटुंबं तिथे राहू लागली, एकेका बंगल्यात अनेक बिऱ्हाडं. जुन्या किल्ल्याचे अवशेष प्रशियन राजवटीची खूण म्हणून १९६० च्या दशकाअखेर पाडले. बंगले राहिले, कारण त्यांत माणसं नांदत होती.

बँकेत मी आयुष्यभर घरांचे कागद तपासले. कागद मालक कोण ते सांगतो. घर टिकवतो तो दर पावसाळ्याआधी कौलं शाकारणारा. वाड्यातल्या भाडेकरूशी भांडण्याआधी एवढं लक्षात घ्यावं.