फाळक्यांचा प्रहसनपट आणि फार्साची जागा

दादासाहेब फाळके यांच्या ‘पीठाचे पंजे’ या मूक विनोदी लघुपटाकडे ब्रिटिश-फ्रेंच प्रहसनपटांचे अनुकरण म्हणून पाहणे सोपे आहे, अपुरेही. आशयापेक्षा खेळातील त्याचे स्थानच बोलके ठरते: तो ‘मोहिनी भस्मासुर’ (१९१३) या पौराणिक पटाला जोडून दाखविला गेला. एकोणिसाव्या शतकातील मराठी रंगभूमीवर पौराणिक नाटकाला फार्साची जोड देण्याचा प्रघात होताच. फाळक्यांनी ती जागा पडद्यावर राखली. देवकथा आणि धांगडधिंगा यांची ही सांगड नाट्यगृहापुरतीही नव्हे. चिपळूण परिसरातील शिमग्याच्या खेळ्यांत काळ्या वेशातला, उंच टोपीचा संकासुर शब्दांपेक्षा धावपळीने आणि अंगविक्षेपांनीच हसवतो, तोही ग्रामदेवतेच्या उत्सवात.