धातुगर्भ पर्वत आणि त्याचे वाचक

जर्मनीतील सॅक्सनी आणि चेक लोकांचा बोहेमिया यांच्या सरहद्दीवर सुमारे दीडशे किलोमीटर लांबीची जी पर्वतरांग पसरली आहे, तिला जर्मन लोक एर्ट्सगेबिर्ग, म्हणजे धातुकांचा पर्वत, म्हणतात. उत्तरेकडून येणाऱ्या प्रवाशाला आपण पर्वत चढत आहोत हे फार उशिरा उमगते. शेते, गावे आणि स्प्रूसची अरण्ये मागे टाकीत जमीन इतक्या संथपणे वर जाते की, माथ्यावर पोहोचून पुढची भूमी बोहेमियाच्या खोऱ्यात एकाएकी उतरलेली दिसावी, तेव्हाच गाठलेल्या उंचीची कल्पना यावी. क्लीनोवेट्स (१२४४ मीटर) आणि फिश्टेलबर्ग (१२१५ मीटर) ही दोन्ही उंच शिखरे दक्षिणेच्या अंगाला आहेत, ती याचमुळे. तीस-पस्तीस कोटी वर्षांपूर्वी भूकवचाला घड्या पडून जे पर्वत येथे उभे राहिले, ते झिजून केव्हाच सपाट झाले होते. पुढे तृतीयक कालखंडात भूकवच भंगले, त्याचा एक विस्तीर्ण ठोकळा दक्षिणेच्या कडेने उचलला गेला आणि उत्तरेकडे कलला. आज दिसतो तो हा कललेला ठोकळा होय.

मूळ पर्वत झिजल्यामुळे त्याच्या पोटातील ग्रॅनाइट उघडा पडला, आणि प्राचीन काळी ज्या भेगांतून खनिजयुक्त उष्ण जल वर चढले होते, त्या भेगांत मागे राहिलेले चांदी, शिसे, कथील, कोबाल्ट यांचे साठे माणसाच्या कुदळीच्या टप्प्यात आले. ११६८ च्या सुमारास, आज जेथे फ्रायबर्ग शहर आहे तेथे, चांदी सापडली. आणि माइसनचा अधिपती ओटो याच्या अमदानीत असा दंडक पडला की, राज्याचा हिस्सा सरकारात भरणाऱ्या कोणालाही, मग तो कोणत्याही मुलखातून आलेला असो, येथे खणण्याचा हक्क आहे. आपल्या दप्तरी भाषेत सांगायचे तर ही खाणीची खुली सनदच होती, आणि तिच्या ओढीने माणसांचे लोंढे या अरण्यात शिरले.

परंतु जमिनीवरचे शेत मोजणे निराळे आणि काळोखातील शीर मोजणे निराळे. शीर वाकते, फुटते, दुसरीस छेदून जाते, कोठे विभंगापाशी तुटून नाहीशी होते. ती हरवली तर भागीदार बुडतात, आणि शेजाऱ्याच्या हद्दीत गेली तर कज्जे उभे राहतात. या गरजेतून भूगर्भाची मोजणी करणारे, धातूची परीक्षा करणारे आणि हिशेब राखणारे कारकून यांचा एक कसबी वर्ग तयार झाला. आनाबर्ग येथील खाणींच्या दप्तरात जमाखर्च लिहिणारा आडाम रीस हा त्यांपैकीच एक. रोमन आकड्यांत रुतलेल्या जर्मन व्यवहाराला भारतात जन्मलेल्या अंकांनी गणित करण्यास ज्याच्या पुस्तकांनी शिकविले, तो हाच गृहस्थ.

बोहेमियाच्या उतारावर १५१६ मध्ये वसलेल्या योआखिम्स्टाल या गावाने तर श्लिक सरदारांच्या टांकसाळीतून आपले नाव जगाला दिले. तेथील नाण्याला योआखिम्स्टालर म्हणत, त्याचा थालर झाला आणि थालरचा डॉलर. चांदीच्या शोधात असलेले खाणकरी जो काळा जड दगड निरुपयोगी म्हणून टाकून देत, त्याच पिचब्लेंडच्या अवशेषांतून क्यूरी दांपत्याने १८९८ मध्ये रेडियमचा शोध लावला. माझ्या मते मात्र या गावाचे खरे भाग्य असे की, १५२७ मध्ये गेओर्गिउस आग्रिकोला तेथे वैद्य म्हणून आला. रोग्यांतून सवड मिळताच तो खाणीत उतरे आणि अनुभवी खाणकऱ्यांना प्रश्न विचारी. लॅटिनमध्ये ज्यांना शब्दच नव्हते अशा हत्यारांना आणि क्रियांना त्याने शब्द घडविले. त्याचा महाग्रंथ १५५६ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर एका वर्षाने, बासेल येथे छापला गेला. आधी खडक आणि मागाहून त्यात शीर, हा कालक्रम त्याने ओळखला होता. भूशास्त्राचा आरंभ मी तरी येथूनच मानतो.

सप्तवार्षिक युद्धाने सॅक्सनीचा खजिना रिता केल्यावर, खाणींतून तो पुन्हा भरावा या हेतूने १७६५ मध्ये फ्रायबर्ग येथे खाणविद्येचे विद्यालय निघाले. तेथे १७७५ पासून चाळीसहून अधिक वर्षे आब्राहाम गोटलोप वेर्नर याने शिकविले. हंबोल्ट, लेओपोल्ट फोन बुख, कवी नोवालिस असे शिष्य त्याच्यापाशी आले. जगातील खडक एका आदिम महासागरातून क्रमाने साचले, असे त्याचे मत होते. शायबेनबर्ग नावाच्या टेकडीवर खाली वाळू, तिच्यावर चिकणमाती आणि त्यावर बेसाल्ट, असा अखंड क्रम पाहून, बेसाल्टही जलातूनच साचला असा निर्वाळा त्याने १७८८ मध्ये दिला. हा सिद्धांत खरा असता, तर आपल्या सह्याद्रीचा सारा काळा पाषाण एखाद्या समुद्राचा गाळ ठरला असता! तथापि ही चूक आळसाची नव्हती. त्याने एकच डोंगर पाहिला, पण तो एकाग्रतेने पाहिला. आणि असे पाहण्याचे वळण शिष्यांना लाविले होते, म्हणूनच बुख आणि दोब्युइसाँ हे फ्रान्समधील ओव्हेर्न्यच्या मृत ज्वालामुखींपाशी गेले, तेव्हा गुरूच्या मताविरुद्ध साक्ष देणारा लाव्हा त्यांना ओळखता आला.

शायबेनबर्गचे कोडे त्यानंतर उलगडले. जेथे आज टेकडी आहे तेथे एके काळी नदीची दरी होती. तिच्या पात्रातील वाळूगोट्यांवरून लाव्हा वाहत आला आणि थिजला. दोन्ही काठांचे मऊ खडक पुढे झिजून गेले, कठीण बेसाल्ट तेवढा राहिला, आणि दरीचा तळ डोंगराचा माथा झाला. रस्त्याच्या खडीसाठी कडा फोडू लागल्यावर आतले उंच, कोनाकृती स्तंभ उघडे पडले. गावकरी त्यांना ऑर्गनच्या नळ्या म्हणतात. त्यांच्या बुडाशी, वेर्नरने पाहिली होती तीच वाळू आणि त्या नदीने घासून गोल केलेले पांढरे गारगोटे पडून आहेत.