निवृत्तिवेतन : कृपेकडून हिशेबाकडे

आजचा विषय तसा रुक्ष वाटेल. निवृत्त माणसाला त्याच्याच पैशांची माहिती मागण्याचा हक्क. पण या हक्कामागे दीडशे वर्षांचा इतिहास आहे आणि त्यात दोन वाटा येऊन मिळतात. एक सरकारी नोकराची, दुसरी दुष्काळी कामावर खडी फोडणाऱ्या मजुराची.

पहिली वाट आपण १८७१ पासून धरू. त्या वर्षी इंग्रज सरकारनं पेन्शन कायदा केला. त्यात जुन्या राजवटींनी दिलेल्या रोख नेमणुका आणि महसुलातले हक्कही येत होते. कायद्यानं सांगितलं काय, तर कलेक्टरच्या दाखल्याशिवाय याबद्दलचा दावा दिवाणी न्यायालयानं ऐकायचा नाही. मागची समजूत सरळ होती. पेन्शन म्हणजे सरकारची मेहेरबानी, आणि मेहेरबानीचा हिशेब कोण मागतं?

ही समजूत मोडायला शंभर वर्षं लागली. १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की पेन्शन ही बक्षिसी नाही, ती मालमत्ता आहे आणि ती सरकारच्या मर्जीवर अवलंबून नाही.

पुढचा टप्पा नाकरा खटल्याचा. १९७९ मध्ये केंद्रानं पेन्शन मोजण्याची पद्धत सुधारली. आधी शेवटच्या ३६ महिन्यांच्या पगाराची सरासरी धरत, ती १० महिन्यांवर आणली. त्यामुळे आकडा वाढला. पण हा लाभ ३१ मार्च १९७९ पासून पुढे निवृत्त होणाऱ्यांनाच. म्हणजे काही दिवस आधी बाहेर पडलेला माणूस जन्मभर जुन्याच हिशेबात! १७ डिसेंबर १९८२ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठानं हा भेद रद्द केला. पीठावर सरन्यायाधीश होते यशवंतराव चंद्रचूड, आपले पुण्याचे; निकालपत्र लिहिलं न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी. पेन्शन हा आधी केलेल्या सेवेचा मोबदला आहे, हे त्यात ठामपणे आलं. आपल्याकडे १७ डिसेंबरला पेन्शनर मंडळी जमतात, ती याच निकालाच्या आठवणीनं.

आता याचा अर्थ बघा. पेन्शन आणि उपदान, ज्याला आपण ग्रॅच्युइटी म्हणतो, हा जर मागे ठेवलेला पगार असेल, तर तो ज्याच्याकडे ठेवला त्यानं हिशेब दाखवायला हवा. १९७२ च्या उपदान कायद्यात हे स्पष्ट होतं. कामगारानं अर्ज करो न करो, मालकानं रक्कम ठरवून त्याला लेखी कळवायची. खाजगी कारखान्यातल्या माणसालाही हे लागू होतं, बरं का. पण सरकारी दप्तर उघडून बघायची वाट मात्र बंदच होती.

ती वाट उघडली ती दुसऱ्याच माणसांनी. राजस्थानात मजूर किसान शक्ती संघटनेच्या लोकांना सरकारी कामांवर किमान वेतन पुरतं मिळत नव्हतं. विचारलं की उत्तर एकच : तुम्ही तेवढं काम केलेलं नाही, मस्टरवर तसं लिहिलंय. मग त्यांनी मस्टरच दाखवा म्हटलं. १९९४ पासून जनसुनवाया झाल्या, गावासमोर कागद वाचले गेले. १९९६ मध्ये ब्यावर शहरात चाळीस दिवस धरणं धरलं. घोषणा होती ‘हमारा पैसा, हमारा हिसाब’. महाराष्ट्रात अण्णा हजारे यांच्या आंदोलनानंतर राज्याचा माहिती अधिकार कायदा आला आणि १२ ऑक्टोबर २००५ पासून देशाचा कायदा पूर्णपणे लागू झाला.

म्हणजे माहितीच्या अधिकाराची एक ठळक मागणी मजुरीच्या हिशेबाची होती. आणि पेन्शन ही उशिरा हाती येणारी मजुरीच. म्हणून निवृत्त कारकून जेव्हा माहितीचा अर्ज करतो, तेव्हा तो त्या मजुराचाच प्रश्न विचारत असतो.

हे रोजच्या व्यवहारात कुठे लागतं? समजा, निवृत्तीच्या वेळी वेतनपडताळणीत आक्षेप निघतो, वीस वर्षांपूर्वीची वेतननिश्चिती चुकली म्हणतात आणि उपदानातून रक्कम कापतात. कारण कुणी सांगत नाही. अशा वेळी ‘माझे पैसे का कापले?’ एवढंच लिहिलं, तर अर्ज बऱ्याचदा परत येतो. कागद मागावेत. सेवापुस्तकाची प्रत, आक्षेपाची प्रत, वसुलीचा आदेश, आणि आपली फाइल कोणत्या तारखेला कोणाकडे होती याची नोंद. अर्जाला दहा रुपये, उत्तराला तीस दिवस. शिवाय कलम ४ सांगतं की प्रशासकीय निर्णयाची कारणं बाधित व्यक्तीला द्यायची. आणि २०१४ च्या रफीक मसीह निकालात सर्वोच्च न्यायालयानं निवृत्तांकडून, तसंच वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली साधारणतः करता येणार नाही, असं म्हटलं. पण त्या निकालाचा आधार घ्यायचा, तर आधी आदेश हातात हवा, नाही का?

मर्यादाही सांगायला हवी. माहितीच्या अर्जानं पैसे मिळत नाहीत, कागद मिळतो. पैशांसाठी पुन्हा खातं, न्यायाधिकरण, न्यायालय अशी पायपीट आहेच. आणि सत्तरीच्या माणसाला, किंवा कुटुंबनिवृत्तिवेतनासाठी खेटे घालणाऱ्या त्याच्या पत्नीला, अपिलात जाणारी वर्षं परत मिळत नाहीत. म्हणून आपल्यापैकी जे अजून नोकरीत आहेत, त्यांनी निवृत्तीची वाट न बघता सेवापुस्तक दरवर्षी बघावं आणि दुय्यम प्रत घरी ठेवावी.

आपण इथे थांबू. प्रश्न असतील तर जरूर विचारा.