घड्याळ चुकलें कीं पृथ्वी?

पाश्चात्य अद्भुत कथांतून एक यंत्र अधूनमधून भेटतें. काळाच्या प्रवाहांत कोठें खळबळ झाली कीं या यंत्राचा कांटा हालतो आणि कथानायक सावध होतो. हें यंत्र अर्थातच काल्पनिक आहे. परंतु काळाच्या मापांतील गडबड माणसानें खरोखर कशी हुडकून काढली, हा इतिहास त्या कथांहून कमी अद्भुत नाहीं. त्यांतील तीन प्रसंग आज आपणांपुढें मांडावयाचे आहेत.

पहिला प्रसंग सतराव्या शतकांतला. पॅरिसच्या विज्ञान-परिषदेनें झां रिशे या ज्योतिर्विदास दक्षिण अमेरिकेंतील केयेन येथें पाठविलें. मंगळाचे वेध घेणें हें त्याचें मुख्य काम. १६७२ सालीं तेथें त्याचें लंबकाचें घड्याळ ताऱ्यांशीं ताडून पाहतां तें रोज सुमारें अडीच मिनिटें मागें पडत असल्याचें आढळलें. कांटा पुढें सारून रिशे स्वस्थ बसला नाहीं. सेकंदाचे ठोके देणारा साधा लंबक टांगून त्यानें दहा महिने दर आठवड्यास त्याची लांबी मोजली. परत आल्यावर ती पॅरिसच्या लंबकाशीं ताडली, तों तीन मिलिमीटरांहून किंचित् कमी इतकी आंखूड भरली! उष्ण देशांत धातूची दांडी लांबते, हें खरें. परंतु एवढ्या फरकास उष्णता पुरी पडत नाहीं, असें न्यूटननें आपल्या 'प्रिन्सिपिया' ग्रंथांत दाखविलें. पृथ्वी फिरते व विषुववृत्तापाशीं फुगलेली आहे, म्हणून तेथें वजन कमी भरतें आणि लंबक मंद झुलतो. मागें पडणाऱ्या घड्याळानें पृथ्वीचा आकार सांगितला होता.

परंतु ज्या पृथ्वीच्या फिरण्यावरून आपण दिवस मोजतों, तें फिरणेंच एकसारखें नसेल तर? त्याची परीक्षा कोणत्या घड्याळानें करावयाची? तें घड्याळ बाबिलोनच्या मातीच्या पाट्यांवर सांपडलें. इ. स. पूर्व १३६ मध्यें, १५ एप्रिल रोजीं, त्या नगरींत खग्रास सूर्यग्रहण दिसलें. भर दिवसां शुक्र, बुध, गुरु व मंगळ दिसल्याची नोंद तेथील लेखकांनीं केली. आतां गणित असें सांगतें कीं, पृथ्वी आजच्याच गतीनें सतत फिरत आली असती, तर ती छाया बाबिलोनवर पडतीच ना. ती सुमारें ४९ अंश पश्चिमेस पडती. म्हणजे पृथ्वीच्या घड्याळांत सुमारें सव्वातीन तासांचा फरक पडला आहे! मुख्यतः भरती-ओहोटीच्या घर्षणानें दिवस लांबत आहे. ही वाढ शतकामागें सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या जेमतेम पावणेदोन पट आहे. परंतु लक्षावधि दिवसांच्या बेरजेनें तिचे तास होतात.

तिसरा प्रसंग विसाव्या शतकांतला. १९५५ सालीं इंग्लंडांत लुई एसेन व जॅक पॅरी यांनीं सीझियम धातूच्या अणूंवर चालणारें घड्याळ सिद्ध केलें, आणि पृथ्वीची बारीकसारीक चुकहि पकडतां येऊं लागली. १९७१ सालीं हाफेले व कीटिंग या दोघां अमेरिकनांनीं अशीं चार घड्याळें साध्या उतारूंच्या विमानांतून पृथ्वीभोंवतीं फिरविलीं. पूर्वेकडे गेलेलीं घड्याळें सेकंदाच्या अब्जांश भागाच्या ५९ पट मागें पडलीं. पश्चिमेकडे नेलीं तेव्हां तीं २७३ पट पुढें गेलीं. येथें दोष घड्याळाचा नव्हता आणि पृथ्वीचाहि नव्हता. गति व गुरुत्व यांप्रमाणें खुद्द काळच कमीअधिक वेगानें चालतो, हें आइन्स्टाइनचें भाकीत येथें प्रत्ययास आलें.

शाळेंत प्रयोगाचें उत्तर पुस्तकाशीं जुळलें नाहीं, तर मुलें वहींतला आंकडा हळूच बदलतात. हें मीं पुष्कळदां पाहिलें आहे. रिशेनें तसें केलें असतें, किंवा दिवसां ग्रह कसे दिसतील असें म्हणून बाबिलोनच्या लेखकांनीं ती ओळ गाळली असती, तर पुढील पिढ्यांच्या हातीं काय राहिलें असतें? त्या लेखकांना तर आपल्या नोंदीचा अर्थ कधींच कळला नाहीं. जें दिसलें तें त्यांनीं लिहून ठेविलें, आणि दोन हजार वर्षांनीं तें कामास आलें. म्हणून आपल्या मुलांना एवढेंच सांगावें कीं, न जुळणारा आंकडा खोडूं नका.